पान एकशे एक्केचाळीसच्या आसपास

कर्नल आरोलकर शिसपेन्सिलीनं लिहितात,
आखीव फुलस्केपवर, एक ओळ सोडून,
आणि दर सोमवारी साडेदहाला
शिरोड्याच्या बाजारात माझ्या दुकानाच्या पायरीवर
चपला काढतात. "राहू देत हो, फरशीच आहे," मी म्हणते.
ते काढतातच. भिंतीला समांतर.

श्री सातेरी झेरॉक्स, टायपिंग, लॅमिनेशन.
सातबारा, दाखले, आंब्याच्या पेट्यांची लेबलं,
आणि कर्नलांच्या आठ थरारकादंबऱ्या.
खुनी कोण ते मला कळतं
कोल्हापूरच्या प्रकाशकाच्याही आधी.

सुरुवातीला चुकायची मी.
अक्षर लागलं नाही म्हणून एकदा मनानंच घातलं,
"बहुतेक पाच जण होते."
त्यांनी 'बहुतेक'वर काट मारली.
"पाच होते. मोजलेत."
त्यांचा माणूस धावत नाही, सरकतो.
त्यांची रात्र काळोखी नसते,
०३४० असते.

गावात हसतात मागून.
माझी सासू म्हणते, "पेन्शनीत भागना नाय काय तेंचा?
ह्या वयात माणसां मारीत बसलेहत!"
त्यांच्या मिसेस एकही पुस्तक वाचत नाहीत.
"मला रात्री झोप लागायला हवी,"
असं म्हणाल्या म्हणे, पेडव्यांचा वाटा घेताना,
आणि पुन्हा म्हणाल्या, "त्यांनासुद्धा."

तिसऱ्या पुस्तकात लक्षात आलं माझ्या.
पान एकशे एक्केचाळीसच्या आसपास
एक पोरगा मरतो.
वायरलेसवाला.
कधी खेमराज, कधी जोसेफ,
एकदा आमच्या बाजूचा, आजगावचा, शशिकांत.
डोंगर बदलतो, शत्रू बदलतो, एकदा तर सगळं जहाजावर होतं;
डाव्या बुटाची नाडी मात्र सुटलेलीच.
आणि तो विचारतो,
"साहेब, किती वाजले?"

पुढच्या ओळीत गोळीबार.
किंवा हेलिकॉप्टर.
किंवा सरळ नवं प्रकरण.

पानापानाला घड्याळ लावणारा माणूस
एवढं एक सांगत नाही.
आठ पुस्तकं झाली. मी आठ वेळा थांबले त्या ओळीवर,
बोटं की-बोर्डवर तशीच,
जणू आता मागून कुणी सांगेल.

नववीच्या वेळी लाइट गेली होती.
इन्व्हर्टर कुंथत होता.
मिठागरातल्या बाया घमेली डोक्यावर पालथी घालून
घराकडे निघालेल्या, पायांना पांढरे मोजे चढल्यासारखे.
ती ओळ आली. या वेळी पोराचं नाव होतं बाबुराम.
मी वर बघितलं, माझ्या भिंतीवरच्या घड्याळात,
आणि टाइप केलं:
"पावणेसहा," साहेब म्हणाले.

आगाऊपणाच. दुसरा शब्द नाही.
दुकान बंद करताना खोडावंसं वाटलं,
खोडलं नाही.

सोमवारी ते स्टुलावर बसून प्रूफ वाचत होते.
सावंतवाडीची एसटी मागे मागे येत होती,
कंडक्टरची शिट्टी, "येंव दे, येंव दे."
पानं उलटत होती, मग उलटायची थांबली.
मी स्टेपलरमध्ये पिना भरू लागले.
भरलेल्याच होत्या.

बराच वेळ गेला. किती, ते त्यांना विचारा.
मग खिशातली पेन्सिल निघाली,
'पावणेसहा'वर आडवी रेघ गेली.
माफी मागायला मी तोंड उघडलं,
तर ते वरच्या मोकळ्या जागेत लिहीत होते,
लहान, सरळ अक्षरात:
पाच बावन्न.

आणि पूर्णविराम, एवढा दाबून
की खालच्या पानावर, नव्या प्रकरणाच्या नावात,
भोक पडलं.

'साहेब म्हणाले' तसंच ठेवलं त्यांनी.

"तेवढं बदल," म्हणाले. "दोन प्रती काढ. पाठपोट."
चपलांत पाय घालायला दाराशी वाकले,
एका हातानं चौकट धरून, नेहमीपेक्षा जरा जास्त वेळ.
"किती झाले?"

मी लगेच सांगितलं.